सेन्सर बदलण्याआधी तपासणीचे पैसे मोजा

आपल्या धंद्यात गाडी ही आता चैनीची वस्तू राहिलेली नाही. मालेगावचा कापड व्यापारी आठवड्यातून एकदा तरी भिवंडीला किंवा मुंबईच्या मुळजी जेठा मार्केटला जातो. कधी सुरतेला जातो. गाडीत कोऱ्या कापडाचे नमुने असतात, वसुलीची वही असते, आणि परत येताना दोन पार्ट्यांना भेटायचे असते. गाडी रस्त्यात अडली की त्या दिवसाची वसुली बुडते आणि पार्टीला दिलेली वेळ चुकते. म्हणून गॅरेजच्या बिलाचा विषय या पानावर घेत आहे. हा विषय जितका मिस्त्रीच्या कारागिरीचा आहे, तितकाच आपल्या व्यवहाराचाही आहे.

२०२३ च्या पावसाळ्यातील गोष्ट. आमच्या घरची सात आसनी डिझेल गाडी मुंबईहून परत येताना कसारा घाटात दम टाकू लागली. अॅक्सिलेटर पूर्ण दाबला तरी गाडी उचलेना. मागून काळा धूर निघत होता, आणि डॅशबोर्डवर इंजिनचा पिवळा दिवा लागला होता. दुसऱ्या दिवशी एका गॅरेजमध्ये नेली. तेथील पोराने स्टिअरिंगखालच्या सॉकेटला यंत्र जोडले, दोन मिनिटांत कोड वाचला, 'पी ०१०१', आणि जाहीर केले, "शेठ, एअर फ्लो सेन्सर गेला." चार हजार आठशे रुपये घेऊन नवा सेन्सर बसवला व दिवा विझवला. मी खूश होऊन घरी आलो. माझ्या मुलाने तेवढ्यात एक शहाणपणा केला होता, त्याने जुना सेन्सर मागून घेतला आणि डिकीत टाकला. कशाला तो भंगार गोळा करतोस, असे मी त्याला म्हटल्याचे आठवते.

नवव्या दिवशी दिवा पुन्हा लागला. धूर तोच आणि घाटात दम लागणेही तेच. आता त्याच गॅरेजचे म्हणणे पडले की टर्बो गेला असेल, पस्तीस हजारांपर्यंत खर्च येईल.

पुढे काय झाले ते सांगण्याआधी हा सेन्सर काय करतो ते समजून घेतले पाहिजे. इंजिन इंधनावर चालते असे आपण म्हणतो, पण इंधनापेक्षा हवाच त्याला कितीतरी पट जास्त लागते. एक ग्रॅम पेट्रोल नीट जळायला सुमारे १४.७ ग्रॅम हवा लागते. तेव्हा किती हवा आत आली हे कळल्याशिवाय किती इंधन सोडायचे हे गाडीच्या कॉम्प्युटरला ठरवता येत नाही. एअर फिल्टरचा डबा आणि इंजिन यांच्यामधल्या नळीत हा सेन्सर बसवलेला असतो. १९७० च्या दशकात बॉशच्या एल-जेट्रॉनिक पद्धतीत तेथे एक झडप असे. हवेच्या जोराने ती ढकलली जाई, आणि किती ढकलली गेली त्यावरून हवा मोजली जाई. १९८० च्या दशकात झडपेच्या जागी गरम तार आली, आणि आता तारेऐवजी बारीक गरम पट्टी असते. तत्त्व अगदी घरगुती आहे. गरम चहावर फुंकर मारली की चहा निवतो. तसेच वाहत्या हवेने ही पट्टी निवते, आणि तिला ठरलेल्या तापमानावर ठेवायला जितकी वीज खर्च होते, त्यावरून हवेचे वजन काढले जाते.

इतकी नाजूक वस्तू आणि आपले रस्ते! त्यात मालेगाव-भिवंडीची लूमची रुई हवेत उडत असते. फिल्टर वेळेवर बदलला नाही किंवा रस्त्यावरचा सैल फिल्टर टाकला, तर बारीक धूळ पट्टीवर बसते. धुऊन पुन्हा वापरायचे तेल लावलेले फिल्टर काही हौशी लोक टाकतात. त्यावर तेल जास्त झाले तर तेही पट्टीवर जाऊन बसते. पट्टीवर असा थर चढला की ती हवा चुकीची मोजते, आणि वेग वाढला की बहुधा कमीच मोजते. डिझेल गाडीत हवा कमी दिसली की धूर होऊ नये म्हणून कॉम्प्युटर डिझेलही कमी सोडतो आणि गाडी उचलत नाही. पेट्रोल गाडीत मिश्रण बिघडते, उभ्या गाडीचे इंजिन वरखाली होते, ॲव्हरेज पडते.

म्हणजे सेन्सर बिघडतो हे खरे आहे. पण कोड आला म्हणजे सेन्सर बिघडलाच, हे खरे नाही. आमची फसगत नेमकी इथेच झाली.

'पी ०१०१' चा अर्थ 'सेन्सर बदला' असा नाही. त्याचा अर्थ इतकाच की सेन्सरने सांगितलेला आकडा कॉम्प्युटरच्या अंदाजाशी जुळत नाही. ही पोलीस ठाण्यातील फिर्याद झाली, कोर्टाचा फैसला नव्हे. याच घराण्यातले दुसरे कोडही आहेत. '०१०२' म्हणजे सेन्सरकडून येणारा सिग्नल फारच कमी आणि '०१०३' म्हणजे फारच जास्त. या दोघांत बहुधा तुटलेली तार, सैल प्लग किंवा मेलेला सेन्सर सापडतो. '०१०१' मात्र फसवा आहे, कारण सेन्सर खरे बोलत असेल आणि हवाच खरोखर कमी येत असेल तरीही हाच कोड लागतो.

लूमवाल्यांना हे लवकर समजेल. ताक्यात पट्टा दिसला म्हणून कोणी ताक्याला दोष देत नाही. जॉबर लूमजवळ उभा राहतो, फणी बघतो, भीम बघतो, बाण्याच्या कांड्या बघतो, आणि मग स्पॅनर हातात घेतो. ताका फक्त सांगतो की कुठेतरी बिघाड आहे. आपल्या कारखान्यात आपण जॉबरला बघायला वेळ देतो आणि त्या बघण्याचा पगारही देतो. गाडीच्या मिस्त्रीला मात्र आपण म्हणतो, "बघायचे कसले पैसे? पार्ट बदल आणि पार्टचे पैसे घे."

शेवटी मी ज्या मिस्त्रीकडे गेलो, तो पूर्वी ट्रकचे डिझेल पंप बांधायचा. आज त्याच्याकडे टॅबलेटचा स्कॅनर आहे, पण त्याचा हात अजून आधी टॉर्चकडे जातो. त्याने आरंभीच सांगितले, "शेठ, तपासणीचे सातशे घेईन. काही निघो न निघो, पार्ट लागो न लागो." मला हे खटकले. नुसते बघायचे सातशे! परंतु पस्तीस हजारांचा धाक डोक्यावर होता, म्हणून होय म्हटले.

त्याने काय केले ते तपशिलाने देतो, म्हणजे वाचकांना आपल्या मिस्त्रीकडे तेवढे तरी मागता येईल.

इंजिन सुरू न करता त्याने प्रथम फिल्टरचा डबा उघडला. मग डब्यापासून टर्बोपर्यंत आणि टर्बोपासून पुढे इंजिनपर्यंत सगळे रबरी पाईप हाताने वाकवून, टॉर्च मारून पाहिले. चीर वाकवल्याशिवाय दिसत नाही, तेलाचा ओलावा दिसला तर तिथे शंका घ्यायची, असे तो म्हणाला. टर्बोच्या पुढचा पाईप फाटला असेल तर दाबलेली हवा बाहेर जाते, गाडी काळा धूर सोडते आणि दोष सेन्सरच्या किंवा टर्बोच्या नावावर लागतो. आमचे पाईप शाबूत होते.

मग त्याने सेन्सरचा प्लग काढला. पिनांवर हिरवा गंज आहे का, पावसाचे पाणी शिरले आहे का, उंदराने तारा कुरतडल्या आहेत का, हे पाहिले. गोदामाच्या आवारात गाडी उभी करणाऱ्यांनी उंदराची शंका पहिली घ्यावी. किल्ली फिरवून मल्टीमीटरने प्लगमध्ये बॅटरीचा पुरवठा, म्हणजे बारा व्होल्टच्या आसपास, येतो का ते मोजले व अर्थिंग तपासले. पुरवठाच कमी असेल तर नवा सेन्सरही चुकीचेच बोलेल. हे काम पाच मिनिटांचे आहे, आणि पहिल्या गॅरेजमध्ये ते कोणीच केले नव्हते.

यानंतर स्कॅनर. पण कोडसाठी नव्हे, चालू आकड्यांसाठी. किल्ली चालू व इंजिन बंद असताना हवा शून्याजवळ दिसली पाहिजे, कारण तेव्हा नळीत हवा वाहतच नाही. तेथे भलता आकडा दिसला तर सेन्सरवर संशय पक्का होतो. आमचा शून्याजवळ होता. मग इंजिन सुरू करून गरम होऊ दिले. डिझेल गाडीत हा आकडा बहुधा दर झटक्याला किती मिलिग्रॅम हवा, असा दिसतो. आमचा दीडशेच्या खाली होता.

आता त्याने कागद घेतला. इंजिन १२४८ सीसीचे, सिलिंडर चार, म्हणजे एका सिलिंडरला ३१२ सीसी. मालेगाव समुद्रसपाटीपासून चारशे मीटरहून जास्त उंचीवर, दिवस तीस अंशांचा, तेव्हा एक सीसी हवेचे वजन सुमारे १.१ मिलिग्रॅम. ३१२ ला १.१ ने गुणले की ३४३. सिलिंडर काठोकाठ कधीच भरत नाही, म्हणून तीनशेच्या आसपास आकडा यायला हवा. मी आयुष्यभर मीटर आणि किलोचे हिशेब केले, पण हवेचा हिशेब कोणी असा गुणाकाराने मांडलेला प्रथमच पाहिला. "आणि शेठ, येतात दीडशे. मग बाकीची जागा कशाने भरली?" त्याने विचारले.

ती जागा धुराने भरली होती. डिझेल गाडीत ईजीआर नावाचा एक व्हॉल्व्ह असतो. प्रदूषण कमी व्हावे म्हणून जळालेला थोडा वायू तो पुन्हा इंजिनात सोडतो आणि गरज संपली की बंद होतो. आमचा व्हॉल्व्ह काजळीने चिकटून उघडाच राहिला होता. इंजिन आपलाच धूर पुन्हा पुन्हा आत घेत होते, त्यामुळे ताज्या हवेला जागाच नव्हती. जुन्या सेन्सरने पहिल्या दिवशी हवा कमी येत आहे असे सांगितले, ते खरे होते. खरे बोलला म्हणून त्यालाच काढून टाकले गेले.

व्हॉल्व्ह उतरवून, काजळी काढून, परत बसवला. काळा धूर गेला. पण गाडी अजून पूर्ण उचलेना. ईजीआरचा मार्ग बंद ठेवून आकडा पुन्हा पाहिला, तर २३०. व्हायला हवे तीनशे. मिस्त्री थोडा वेळ गप्प राहिला, मग म्हणाला, "हा सेन्सर कुठून घेतला?" मी सांगितले. त्याने डिकीतला जुना सेन्सर मागितला. दोन स्क्रू काढायचे, दोन लावायचे. जुन्या सेन्सरवर आकडा आला ३०५.

नवा सेन्सर डुप्लिकेट निघाला. डबा ओरिजिनलसारखा, छपाई ओरिजिनलसारखी, पण हवा चौथा हिस्सा कमी मोजणारा. आमची गाडी जुन्याच सेन्सरवर त्या दिवसापासून ठीक चालली आहे. चार हजार आठशे देऊन मी चांगला पार्ट काढून वाईट पार्ट बसवला होता, आणि मुलाने तो 'भंगार' जपला नसता तर कदाचित टर्बोही बदलून बसलो असतो.

याचा अर्थ सेन्सर कधी बदलूच नये असा कोणी घेऊ नये. पुढच्याच वर्षी माझ्या भाच्याच्या पेट्रोल गाडीचे ॲव्हरेज पडले व हायवेवर ती अडखळू लागली. त्याच मिस्त्रीने तपासले. पेट्रोल गाडीत कॉम्प्युटर सायलेन्सरच्या बाजूचा ऑक्सिजन सेन्सर पाहून इंधनात आपल्या अंदाजाने भर किंवा कपात करतो, आणि किती टक्के केली ते स्कॅनरवर दिसते. दहा टक्क्यांच्या आतली दुरुस्ती साधारणपणे चालून जाते. इथे वेगात १८ टक्के भर पडत होती. पाईप कुठे फाटलेला नाही, इंधनाचा दाब बरोबर, तारा बरोबर. मग सेन्सर काढून त्यासाठीच मिळणाऱ्या स्प्रेने धुतला. हा स्प्रे वेगळा असतो. कार्बोरेटर क्लीनर, पेट्रोल, ब्रश किंवा पंपावरची जोरदार हवा यांनी पट्टी कायमची खराब होऊ शकते, आणि तिला बोट तर लावूच नये. पूर्ण वाळवून बसवला. भर १२ वर आली, त्याखाली उतरेना. तेव्हा कुठे त्याने नवा सेन्सर मागवायला सांगितले. कंपनीच्या डीलरकडून, जुन्यावरचा पार्ट नंबर शेवटच्या अक्षरापर्यंत जुळवून. दिसायला सारखे दोन सेन्सर आतून वेगळ्या मापाचे असतात, म्हणून 'चालतो' या शब्दावर घेऊ नये. बसवताना किल्ली बंद, हवेच्या दिशेचा बाण इंजिनकडे, रबरी रिंग जागेवर, स्क्रू बेताने, कारण प्लास्टिकचे आटे लगेच बसतात. मग कोड पुसून वीस-पंचवीस किलोमीटर फिरवून पुन्हा आकडा पाहिला. भर ३ टक्के. हा सेन्सर खरोखर गेलेला होता, आणि ते सिद्ध करून बदलला गेला.

प्लग काढून गाडी चालवून पाहण्याची एक चाचणी लोकांत फार प्रचलित आहे. प्लग काढल्यावर कॉम्प्युटर अंदाजाने काम चालवतो, आणि गाडी बरी चालली तर सेन्सरवर संशय घ्यायचा. संशयापुरती ती ठीक आहे. त्यावर पाच हजारांचा पार्ट घेऊ नये. आणि बऱ्याच छोट्या पेट्रोल गाड्यांत हा सेन्सर नसतोच, तेथे नळीतील दाब मोजून काम भागवलेले असते. माझ्या ओळखीच्या एका दलालाने अशाच गाडीचा 'एअर फ्लो सेन्सर सफाई' या नावाने आठशे रुपयांचा खर्च दिला आहे. नसलेल्या वस्तूची सफाई!

आता दोष कोणाचा? त्या गॅरेजवाल्या पोराला मी बेईमान म्हणत नाही. त्याला डुप्लिकेट पार्ट कोणी दिला हे त्यालाही कदाचित ठाऊक नसेल. परंतु त्याने तासभर तपासणी केली असती आणि 'पार्ट लागत नाही, व्हॉल्व्ह साफ करतो' असे सांगितले असते, तर मी त्याला किती दिले असते? खरे सांगायचे तर दोनशे, आणि तेही घासाघीस करून. आम्ही व्यापारी पार्टचा डबा हातात घेऊन पैसे मोजतो. अकलेचा डबा नसतो, म्हणून तिचे पैसे आम्हांला लुटीसारखे वाटतात. मग गॅरेजवाला आपली मजुरी पार्टच्या नफ्यातून काढतो, आणि पार्ट विकल्याशिवाय त्याचे घर चालत नाही. ही सवय त्याला आपण लावली आहे. एप्रिल २०१३ पासूनच्या गाड्यांत दोष स्वतः नोंदवणारी यंत्रणा बंधनकारकच आहे, स्वस्तातला स्कॅनर आता कोणीही घेतो, त्यामुळे कोड वाचणारे गल्लोगल्ली झाले. आकडे वाचणारे थोडे आहेत, आणि त्यांना आपण जगवले नाही तर तेही पार्ट विकायला बसतील.

माझा मिस्त्री आता तपासणीची चिठ्ठी लिहून देतो. कोणता कोड होता, किती व्होल्ट आले, आकडा आधी किती व नंतर किती. हे मी त्याला सांगून सुरू करवले, कारण आमच्याकडे कोरे कापड घेतानाही मोजणीची चिठ्ठी लागते. तपासणीचे सातशे तो वेगळे लिहितो आणि मी ते घासाघीस न करता देतो. अर्थात जीभ अजून वळवळते.

पहिल्या गॅरेजकडे मी डुप्लिकेट सेन्सर घेऊन परत गेलो होतो. मालक सभ्यपणे बोलला, चहा पाजला आणि म्हणाला, "शेठ, हा आमच्याकडचाच आहे कशावरून?" ग्राहक संरक्षण कायदा २०१९ मुळे जिल्हा आयोगाकडे तक्रार करता येते हे मला ठाऊक होते. पण दाखवायला माझ्याकडे काय होते? त्या दिवशी मालकाने विचारले होते, "बिल करू का? वर जीएसटी लागेल," आणि मीच म्हणालो होतो, "राहू दे."